पाकळी पडायच्या आधी

पेडणे, ३ नोव्हेंबर

सुमनमावशी,

पाया पडते. टपालाचं पाकीट बघून घाबरू नकोस. इथे सगळे धडधाकट आहेत. पोस्टमन गोकुळदासांनी विचारलंच, "फोन बिघाडलो काय गो?" मी म्हटलं, फोन बरा आहे, मीच बिघडले.

फोनवर बोलायचं सोडलंय मी. मागे तू तुझ्या शेजारच्या शेवंतीवहिनीच्या कोंबड्यांवरून झालेलं भांडण सांगितलंस, आठवतं? सिद्धेश बाजूला बसून ऐकत होता. दुसऱ्या दिवशी त्याने माझ्याकडून तेच भांडण करून घेतलं आणि व्हिडिओ टाकला. तुम्ही दोघी पोट धरून हसलात. हसण्यासारखं होतंच ते. पण तेव्हापासून फोन कानाला लावला की वाटतं, हेही उद्या लोक बघणार. कागदाचा तसा त्रास नाही.

तुला माहीतच आहे, तुयेची फॅक्टरी सुटल्यापासून 'घरचो झगडो' नावाने व्हिडिओ टाकणं हेच त्याचं काम. दुपारी ऊन अंगणात आलं की आम्ही भांडायला बसतो. काल भांडणाचा विषय होता ओला टॉवेल. टॉवेल सुका होता, म्हणून आधी भिजवून घेतला. मी तीन वेळा तोच टॉवेल त्याच्या तोंडावर फेकला, कारण पहिल्या दोन वेळी तो नीट बसला नाही. मग जेवलो. जेवताना कोणी कोणाशी बोललं नाही, मावशी. भांडण नव्हतं आमचं. बोलायला काही उरलेलंच नव्हतं.

दमलेय ग. घरातलं काम पूर्वीही होतं, त्याने कधी इतकी दमले नाही. आईला सांगितलं असतं, ती नाही म्हणून तुला सांगते.

उत्तर टपालानेच पाठव. फोनवर या पत्राचं नावही काढू नकोस.

तुझी गौरवी

डिचोली, ९ नोव्हेंबर

गौरवी बाय,

आशीर्वाद. तुझं पत्र मी दारापुढच्या बाल्कांवावर बसून वाचलं, तेवढ्यात शेवंती आलीच, "कोणाचं गो, कोणाचं?" करत. मी म्हटलं, बँकेचं. तिचा विश्वास बसला नाही.

दमतेस ती रक्त कमी म्हणून. नाचणीची पेज घे, बीट खा. आणि बाय, नवरा घरात आहे, दारू पीत नाही, चार लोक कौतुक करतात, यात रडण्यासारखं काय आहे ते मला सांग. टॉवेलाचं तर अस्सल होतं. मी शेवंतीला म्हटलं, बघ माझ्या पोरीचा नेम. तिसऱ्यांदा बसला म्हणतेस, पण आम्हाला काय कळतंय.

तुला हसू येईल, पण मी जेवते ती तुमच्याबरोबर. मेजावर पाण्याच्या तांब्याला टेकवून फोन उभा करते, पेज वाढून घेते आणि तुम्हाला लावते. हे गेल्यापासून घर इतकं गप्प झालंय की भांडी घासायचा आवाजसुद्धा मोठा वाटतो. खनिजाचा ट्रक चालवून यायचे, अंगभर लाल धूळ, आणि दारातूनच सुरू व्हायचं आमचं. बांगड्याच्या तिखल्यात आंबटाला सोलं किती घालायची, या एकाच गोष्टीवर लग्न झाल्यापासून भांडत होतो. ते म्हणायचे कमी, मी म्हणायची पुरे. त्या दिवशीही म्हणाले, "रातीं बघतंय तुका," आणि गेले ते गेलेच. ते भांडण अर्धंच राहिलं बघ.

म्हणून तुम्ही दोघं भांडायला लागलात की मला घरात माणसं आहेत असं वाटतं. सिद्धेशचा तो तिरपा बघण्याचा नखरा तर थेट तुझ्या काकांचा. आणि तू कमरेवर हात ठेवून, घरात वेडी ती तूच असल्यासारखं, "म्हंजे मीच पिशी!" म्हणतेस ना, ते मी तुझ्याबरोबर म्हणते. आता माझ्या तोंडातही तेच बसलंय. परवा भाजीवाल्याला म्हटलं, तो हसला आणि दोन मिरच्या जास्त टाकल्या.

एवढं फक्त लिही, त्या व्हिडिओत खोबरं खवायची आडाळी कोणी लपवली होती? तू की तो? तिथेच बंद केलंत मेल्यांनो. मला त्या दिवशी झोप नाही.

मावशी

पेडणे, १७ नोव्हेंबर

मावशी,

आडाळी कोणीच लपवली नव्हती. ती चुलीमागे होती. कोणी लपवली ते ठरवलंच नव्हतं, कारण सिद्धेश म्हणतो उत्तर दिलं की लोक निघून जातात. "जेवण वाढूचा, पण ताट समोर ठेवूचा नाय," असं म्हणतो. तू जागी राहिलीस ना, त्याला हेच हवं होतं.

तू विचारलंस रडण्यासारखं काय. तर कसं करतो ते एकदा ऐक. सुरुवात भांडं पडण्यापासून. कारण शेजारी भांडं पडलं की माणूस हातातलं काम टाकून कान देतो. ही सवय जुनी आहे, तो म्हणतो, मी काही नवीन शोधलं नाही. मग दोघांनाही थोडं बरोबर, थोडं चूक ठेवायचं. मी एकदम शहाणी दिसले तर बायका खूश होतात पण पुरुष उठून जातात. म्हणून एक दिवस तो हरतो, एक दिवस मी. खाली लोक त्याचे आणि माझे असे दोन गट करून आपसात भांडतात, आणि तसे भांडले की व्हिडिओ आणखी पुढे जातो. आणि रोज एक गोष्ट तीच हवी. ती म्हणजे "म्हंजे मीच पिशी." तू म्हणतेस तसं लोकांना आपल्या तोंडाने म्हणायला मिळतं ते. म्हापशाच्या बाजारात पोरं मला बघून तेच ओरडतात.

तो मूर्ख नाही, मावशी, त्याला माणसं कळतात. पण हल्ली तो स्वतःच त्यात अडकलाय. एखादा व्हिडिओ खूप चालतो, पुढचा पडतो, का ते कळत नाही. मटक्याचा आकडा लागलेल्या माणसासारखं झालंय. दर थोड्या वेळाने फोन बघतो. दात घासतानाही बघतो.

आणि मला त्रास कसला ते सांगते. पहिल्यांदा मी ते वाक्य खरं म्हटलं होतं. आमचं मूल तिसऱ्या महिन्यात गेलं, तुला माहीत आहे. त्यानंतर कितीतरी दिवस आम्ही एकमेकांशी कामापुरतंच बोलत होतो. एक दिवस भात करपला. तो म्हणाला, लक्ष कुठे असतं तुझं. आणि मी सुटले. लक्ष कुठे असणार, तू कधी विचारलंस का, तुला काहीच झालं नाही का, सगळं विसरून फॅक्टरीत जातोस, म्हंजे मीच पिशी. खूप दिवसांनी घरात आवाज झाला. तो ऐकत राहिला. मग हसायला लागला, मीही हसले, दोघं रडलो पण. दुसऱ्या दिवशी तो म्हणाला, परत करूया, मी फोन ठेवतो. मला तेव्हा ते बरं वाटलं. निदान बोलतोय.

आता मी खरंच चिडले आणि तोंड उघडलं की तो म्हणतो, "थांब गो. हंय नको. भायर चल, उजेड बरो आसा." आणि स्टँड आणायला जातो. तो परत येईपर्यंत माझा राग गेलेला असतो. मग मी तो आठवून आठवून परत करते. तो म्हणतो, मघाशी चांगलं म्हणालीस, तसंच म्हण.

आता जे लिहिते ते तुझ्यापाशीच ठेव. मला दिवस गेलेत. डॉक्टरीणबाईंकडे एकटीच जाऊन आले. सिद्धेशला सांगितलेलं नाही.

का ते तुला कळेल असं वाटतं. बाप होणार हे कळल्यावर नवऱ्याचा चेहरा, असे व्हिडिओ असतात. सर्वांत जास्त चालणारे. बायको डब्यात काहीतरी ठेवते, तो उघडतो, आधी कळत नाही, मग रडतो. सिद्धेश ते बघून म्हणतो, ह्येचो उजेड चुकलो. त्याला सांगायला गेले तर तो थांब म्हणेल, मावशी. मग मी सांगेन आणि तो मला चेहरा करून दाखवेल. मला त्याचा चेहरा बघायचाय. एकदाच, स्टँड नसताना. एवढंच हवंय मला. कसं ते सुचत नाही म्हणून गप्प आहे.

गौरवी

डिचोली, २२ नोव्हेंबर

माझे बाये,

पत्र वाचून देवाजवळ दिवा लावला. शेवंतीने विचारलं आज कसला दिवा, मी म्हटलं बल्ब गेलाय.

पाचवा लागेपर्यंत कोणाला कळू द्यायचं नाही, हे तुझी आज्जी सांगायची ते उगाच नाही. जगाची नजर लागते. आणि तुमच्या घरावर तर पूर्ण जगाची नजर आहे, तीही फोनसकट. माझ्या तोंडाला कुलूप. पण नवरा जगात धरायचा का ग? त्याचंही गेलं होतं ते मूल. दवाखान्यात बाकावर बसून तो नखं खात होता, मी बघितलाय त्याला. तुला आत ठेवलं होतं, तुला दिसला नाही.

सांग त्याला. नदीवर ने, फोन घरी ठेवायला लाव, काहीतरी कर. वजन उचलू नको. टॉवेल फेकणंही पुरे आता.

तुमचं बघायचं नाही असं ठरवलं होतं, तुझं पत्र वाचल्यावर बरं वाटेना. दोन दिवस नाही बघितलं. तिसऱ्या दिवशी पेज घशाखाली उतरेना, लावला. तू बारीक दिसतेस.

मावशी

डिचोली, १ डिसेंबर

गौरवी,

हे काय बघितलं मी काल? सातेरीच्या देवळात? आणि चौकटीबाहेर नाही, थेट गाभाऱ्यासमोर उभे राहून? "बायकोन माहेराक जावचा काय नाय, देवीकच विचारूया," असं म्हणून तो जावई माझा दात काढतोय, कृष्णनाथ गुरव बिचारे गाऱ्हाणं घालतायत, कौलासाठी देवीच्या अंगावर उजवी-डावीकडे फुलाच्या पाकळ्या लावतायत, आणि तू पदर घेऊन डोळे मिटून उभी. माझी शुद्धच गेली. कौल काय थट्टेने लावतात? आमच्याकडे लग्न, घर, दुखणं, असल्या गोष्टींना लावतात, आणि लावायच्या आधी माणूस उपाशी असतो.

आणि पाकळी पडायच्या आधी बंद! खाली लिहिलंय, दुसरा भाग लवकरच.

रागावले आहे मी, खोटं सांगत नाही. पण खोटं कशाला बोलू, राग येऊनही तेच मनात घोळतंय. शेवंती म्हणते उजवीकडची हलत होती, म्हणजे जा. मी म्हणते डावीकडची. तीन वेळा लावून बघितला. कुठे पडली गो? आणि तू डोळे कशाला मिटले होतेस? नाटकासाठी मिटले नव्हतेस, मला कळतं तुझं.

मावशी

पेडणे, ५ डिसेंबर

मावशी,

डावी पडली.

कृष्णनाथकाकांना आम्ही सांगितलं नव्हतं की थट्टा आहे. सिद्धेशने नारळ-विडा ठेवला, माहेरी पाठवू की नको म्हणून विचारा म्हणाला, त्यांनी सरळ मनाने गाऱ्हाणं घातलं. देवीने डावा दिला, म्हणजे जायचं नाही. त्यांना वाटलं घर सावरलं. मला म्हणाले, "बाये, देवी तुका धाडणा नाय." मला त्यांच्याकडे बघवेना.

डोळे मी मिटले कारण ते मोठ्याने माहेराचं विचारत होते आणि मी मनात दुसरं विचारत होते. हे टिकेल का, असं. इतकी जवळ उभी होते, परत कधी अशी उभी राहणार, म्हणून विचारून टाकलं. डोळे उघडले तेव्हा पाकळी खाली येत होती. डावीकडची.

सिद्धेशने बाहेर येऊन तो भाग कापला. म्हणाला, आठ-दहा दिवस लोकांना झुलवूया. त्याच्यासाठी पाकळी अजून पडलेलीच नाही. माझ्यासाठी ती रोज पडते. भाजी चिरताना पडते, डोळा लागता लागता पडते. पोटात जरा कळ आली की वाटतं झालं. त्याला सांगायचं तर आता नुसतं मुलाचं नाही, हेही सांगावं लागेल. चांगली बातमी आणि तिचा कौल, दोन्ही एकदम. म्हणून अजून गप्प आहे.

खाली लोक काय काय लिहितात ते वाचू नकोस. मी वाचत नाही.

गौरवी

डिचोली, १० डिसेंबर

बाये,

पहिलं ऐक आणि डोक्यात बसव. कौल लागतो तो मोठ्याने घातलेल्या गाऱ्हाण्याला. गुरवाच्या तोंडून देवीला ऐकू गेलं माहेराचं, तिने उत्तर दिलं माहेराचं. तू मनातल्या मनात काय पुटपुटलीस त्याचा हा कौल नव्हे. एका पाकळीला दोन प्रश्न विचारायची पद्धत कुठल्याच गावात नाही. हवं तर कृष्णनाथ गुरवांना विचार, तेही हेच सांगतील. तेव्हा तो डावा सोडून दे. नवऱ्याला सांग म्हणजे अर्धं ओझं जाईल.

आता दुसरं. तू वाचू नकोस म्हटलंस, पण मी वाचलं. फोन हातात असला की बोट खाली जातंच. एका बाईने लिहिलं होतं, इतकी वर्षं पाळणा हलला नाही, वांझ बाईला घरात कशाला ठेवतोस, धाड माहेरी. बाये, माझ्या अंगाची लाही झाली. तिथेच तिच्या नावाखाली उत्तर लिहायची जागा होती. ऋतिकाने, शेवंतीच्या नातीने, मला मागे दाखवलं होतं कसं लिहायचं ते. मी त्या बाईला खरमरीत लिहिलं. "माझ्या भाचीला वांझ म्हणणारी तू कोण, तिला दिवस गेलेत, तोंड सांभाळ." बस. गप्प झाली. परत एक अक्षर नाही.

फक्त त्या बाईलाच लिहिलं, तू काळजी करू नकोस. ती कुठली लांबची, सोलापूरकडची दिसते. तिला कोण ओळखतंय आपल्याकडे.

मावशी

डिचोली, १६ डिसेंबर

गौरवी,

तुझं पत्र नाही. व्हिडिओ नाही. दोन वेळा फोन केला तो बंद.

काल ऋतिका आली होती. मी तिला कौतुकाने दाखवायला गेले बाईचं तोंड कसं बंद केलं ते. ती म्हणाली, "आज्जी, हे एका बाईला नाही गेलं. हे सगळ्यांना दिसतं." खाली लोकांनी अभिनंदन, फुलं, पाळण्याची चित्रं, काय काय टाकलेलं. कोणी लिहिलंय नाटक आहे. शेकड्यांनी होतं, मला वर-खाली करता करता भोवळ आली. ऋतिकाने माझं पुसून टाकलं, पण म्हणाली आता उपयोग नाही.

मी तुझं एकच मागणं होतं ते घालवलं. त्याने कुठे वाचलं, कसं वाचलं, तू कशी आहेस, काही तरी कळव. शिव्या दे, पण लिही. पेज करते आणि शेणाच्या गायरीत ओतते.

सुमनमावशी

पेडणे, २६ डिसेंबर

मावशी,

मी बरी आहे. पोटातलंही आहे. डॉक्टरीणबाईंनी पडून राहायला सांगितलंय म्हणून अक्षर वाकडं येतं.

जेवत जा. तू काय घालवलंस आणि काय नाही ते क्रमाने सांगते.

सकाळ होती. पाव विकणाऱ्या पोदेराचा भोंपू वाजला, सिद्धेशने उंडे घेतले आणि तसाच बाल्कांवावर बसला फोन बघत. मी आत जनेलापाशी, खिडकीतून तो दिसतो तिथे, चहा गाळत होते. सहज बघितलं. तो बोटाने वर वर ढकलत होता, रोजच्यासारखा, आणि मध्येच बोट थांबलं. मला काय ते माहीत नव्हतं, तुझं पत्र पोचायचं होतं. पण चेहरा बघून कळलं. दुसऱ्या कशानेच त्याचं तसं झालं नसतं.

तो रडला नाही. हसला नाही. घाबरला, मावशी. इतका घाबरला की मी गाळणी हातात धरूनच राहिले. त्या वेळी बाकावर नखं खाताना तू ज्याला बघितलंस तोच असणार. मग त्याने फोन उलटा करून बाजूला ठेवला आणि तोंडावर हात दाबून धरला, आत मला ऐकू जाऊ नये म्हणून. उंडे मांडीवरून खाली पडले ते त्याला कळलं नाही.

बघितला मी त्याचा चेहरा. स्टँड नव्हता. मी आत आहे हेही त्याला माहीत नव्हतं. चोरून शेजाऱ्याचं बघावं तसं बघितलं, पण बघितला. ते तुझ्या चुकीने झालं. तेव्हा शिव्या देणार नाही.

आत आला आणि म्हणाला, "माका कित्याक नाय सांगलंस?" मी म्हटलं, सांगितलं असतं तर तू थांब म्हटलं असतंस. तो तिथेच जमिनीवर बसला. मग मी पाकळीचंही सांगून टाकलं, मनातल्या प्रश्नासकट.

तो तसाच उठून देवळात गेला. फोन बाल्कांवावर वाजत राहिला, लोक दुसरा भाग कधी म्हणून विचारत होते. कृष्णनाथकाकांनी त्याला पायरीवरच उभा करून झाडला. मग नारळ ठेवून, चूकभूल पदरात घे म्हणून गाऱ्हाणं घातलं. मनातल्या प्रश्नाचं तू लिहिलंस तेच ते म्हणाले. आणि म्हणाले, खरा प्रश्न आता नीट विचारायचा असेल तर दोघं या, मी पाकळ्या लावतो.

सिद्धेश परत आला आणि मला विचारलं, जाऊया? मला जावंसं वाटत होतं, खोटं कशाला सांगू. काय ते एकदा कळून जाईल. त्यालाही वाटत होतं, त्याच्याकडे बघून कळत होतं. पण डावी पडली तर उरलेले महिने कसे काढायचे, आणि उजवी पडली तरी भीती जाणार आहे का? नको म्हटलं. तोही नको म्हणाला. जे होईल ते झाल्यावर कळेल.

'घरचो झगडो' बंद झालं असं मी लिहीत नाही. मित्राच्या टेंपोवर जातोय सध्या, भाजी घेऊन म्हापशाला. फोनकडे हात जातोच त्याचा, मध्येच परततो. कधी परतत नाही. चिडचिडा झालाय. मी पण.

तू इथे ये. बाळंतपण होईपर्यंत राहा. तुला तिथे गप्प घरात पेज घशाखाली उतरणार नाही, आणि आम्ही तुझ्या तांब्याला टेकून आता येणार नाही. आणि सोलांच्या बाबतीत हाही काकांसारखाच आहे, ते काल कळलं.

काल त्याने बांगड्याचं तिखलं केलं, मला उठू देत नाही म्हणून. सोलं किती घातलीस विचारलं तर म्हणाला, घातली पुरेशी. मी चाखलं, आंबटाचा पत्ता नाही. त्यावरून सुरू झालं. सोलांवरून टेंपोवर गेलं, टेंपोवरून देवळावर, देवळावरून त्या पहिल्या वेळेवर. तेव्हा तू माझ्याजवळ बसला का नाहीस, बाहेर बाकावर का बसलास, हे मी कधी विचारलं नव्हतं ते विचारलं. आवाज चढला. आणि शेवटी तोंडातून गेलंच, सगळं मलाच आठवतं, तुला काही नाही, म्हंजे मीच पिशी.

दोघंही एकदम थांबलो. दोघांची मान फळीकडे वळली, जिथे सुरुवातीला फोन उभा असायचा. तिथे मिठाची बरणी होती.

मी वाट बघत होते तो उठेल म्हणून. तो उठला नाही. हातातली वाढायची कुलेर त्याने ताटलीत ठेवली आणि माझ्याकडे बघून म्हणाला, "मगे? फुडे बोल."

तुझी गौरवी